नोटीस पेटीत ठेवून कर्ज फिटत नाही

माझ्या मामेभावाच्या घरी एक पत्र्याची पेटी आहे. मामींच्या जहेजातली. तिच्यात रजया, लग्नाचा शालू आणि जुनी रेशनकार्डं असतात. त्याच पेटीत रजयांच्या खाली मला बँकेची, वकिलाची आणि कोर्टाची मिळून अकरा पाकिटं सापडली. त्यातली नऊ उघडलेलीच नव्हती.

कर्ज पाच लाखांचं, २०१९ चं, चिपळूणच्या बाजारातल्या रेडिमेड कपड्यांच्या दुकानासाठी. जामीनदार मी. पगाराची स्लिप असलेला माणूस खानदानात एकच असला की प्रत्येक अर्जाच्या तळाशी त्याची सही असते. शिक्षक वाचकांना हे वेगळं सांगायला नको. २०२० मध्ये लॉकडाऊन आला. रिझर्व्ह बँकेने ऑगस्टअखेरपर्यंत हप्ते पुढे ढकलायची मुभा दिली, पण व्याज चालूच राहिलं. २०२१ च्या ईदचा धंदाही बुडाला आणि त्याच वर्षी २२ जुलैला वाशिष्ठीचं पाणी बाजारात शिरलं. दुकानात गळ्याइतका चिखल. बँकेकडे नजरगहाण असलेला माल ट्रॅक्टरने उचलून टाकावा लागला. तिथून पुढे हप्ते थांबले आणि पाकिटं यायला लागली.

भाऊ लबाड नाही. दुकानातून उधारीवर नेलेल्या शालेय गणवेशाचे पैसे मागायलाही त्याला संकोच वाटतो. पण त्याने बँकेत जाणं बंद केलं, फोनचं सिमकार्ड बदललं, जुम्म्याला दुसऱ्या मोहल्ल्याच्या मशिदीत जायला लागला. मला विचारलं असतं तर मी काही बोललो असतो म्हणून मलाही टाळलं. मला पत्ता लागला तो थेट शाळेत. बेलीफ समन्स घेऊन स्टाफरूममध्ये आला आणि सगळ्यांसमोर माझं पूर्ण नाव वाचलं. शेजारच्या सरांनी हळूच सल्ला दिला, "घेऊ नका, सापडले नाहीत म्हणून परत जाईल." सल्ला प्रेमाचा होता, पण तो चुकीचा होता. समन्स नाकारलं तर बेलीफ ते दाराला चिकटवून जातो आणि कोर्ट ते बजावलं गेलं असं धरू शकतं. मग तुमच्या पाठीमागे एकतर्फी हुकूमनामा होतो. मी सही करून समन्स घेतलं. हात थरथरत होता, हेही सांगून टाकतो.

हा लेख त्या पेटीबद्दल आहे. आपल्या समाजात अशा पेट्या किती घरांत आहेत याचा आकडा माझ्याकडे नाही, पण गेल्या दोन वर्षांत ही गोष्ट मी ज्याला सांगितली त्या दर दुसऱ्या माणसाने आवाज खाली आणून आपल्या घरातल्या कुणाचं तरी असंच असल्याचं सांगितलं.

आपल्याला वाटतं की कोर्ट म्हणजे जप्ती, आणि जप्ती म्हणजे भांडी बाहेर. प्रत्यक्षात थकबाकीदाराला श्वास घेण्याइतकी जागा जर कुठे असेल, तर ती बहुतेक वेळा कोर्टातच असते. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ ची. तिच्या आदेश २० मधला नियम ११ म्हणतो की पैशाच्या दाव्यात हुकूमनामा देताना, पुरेसं कारण असेल तर, कोर्ट रक्कम पुढे ढकलून किंवा हप्त्यांनी भरायला सांगू शकतं. आणि हे व्याजासह किंवा व्याजाविना. 'व्याजाविना' हा शब्द इंग्रजांच्या काळातल्या कायद्यात आहे, आणि व्याजाच्या नावाने जुम्म्याला घसा फोडणाऱ्या आपल्यातल्या एकानेही तो मला आजवर सांगितला नव्हता.

पण याच नियमाचा दुसरा भाग अधिक नीट वाचायला हवा. हुकूमनामा होण्याआधी कोर्ट दोन्ही बाजू ऐकून स्वतः ठरवू शकतं. हुकूमनामा झाल्यानंतर मात्र हप्ते मिळायला बँकेची संमती लागते, आणि त्या अर्जाला मुदतही फक्त तीस दिवसांची. म्हणजे जो तारखेला हजर राहिला त्याला न्यायाधीशाच्या विवेकाचा आधार, आणि जो लपून बसला त्याला बँकेच्या मर्जीचा. पेटीत ठेवलेलं पाकीट नेमकं काय हिरावून घेतं ते हेच.

माझ्या भावाने त्याच्याही आधीची एक संधी घालवली होती. तीन लाखांच्या वरचा व्यापारी दावा, तातडीचा आदेश मागायचा नसेल तर, दाखल करण्याआधी मध्यस्थी करावीच लागते. २०१८ पासून तसा कायदाच आहे. त्याची नोटीस जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून येते. अकरा पाकिटांत ती दोनदा आली होती. भावाला वाटलं हीसुद्धा बँकेचीच धमकी. माझ्या नावाची नोटीस कर्जाच्या कागदांवरच्या जुन्या भाड्याच्या खोलीवर गेली आणि तिथून कुठे गेली ते अल्लाह जाणे. समोरचा आलाच नाही असा शेरा पडला आणि बँकेचा दाव्याचा रस्ता मोकळा झाला. वकील नाही, हुकूमनामा नाही, टेबलाच्या दोन बाजूंना दोन खुर्च्या होत्या, आणि आपली खुर्ची रिकामी राहिली.

तारखेला मी भावाला जवळजवळ ओढत नेलं. कैफियतीत आम्ही कर्ज कबूल केलं. वकीलसाहेब आधी तयार नव्हते. म्हणाले, "सर, कबूल कशाला करता, सह्यांवर हरकत घेऊ, चारेक वर्षं निघतील." चार वर्षं निघतील आणि व्याजही चार वर्षं वाढेल, हे गणित मी सातवीच्या पोरांना शिकवतो. सोबत पुराचा पंचनामा, दुकानाचे फोटो, बँकखात्याचे उतारे आणि एका कागदावर दरमहा किती कमाई, किती खर्च, किती भरू शकतो याचा हिशेब जोडला. बँकेचे वकील मुख्य कार्यालयाच्या धोरणाबद्दल बोलले. न्यायाधीशांनी प्रकरण राष्ट्रीय लोक अदालतीत ठेवलं. तिथे पाऊण तास घासाघीस झाली. ४ लाख २० हजारांवर तडजोड, दरमहा १४ हजारांचे तीस हप्ते, वेळेवर भरले तर पुढचं व्याज नाही, लागोपाठ दोन चुकले तर सगळी रक्कम एकदम देणं. लोक अदालतीचा निवाडा दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्यासारखाच असतो आणि त्यावर अपील नाही. हे दोन्हीकडून बांधतं. उद्या शाखेत नवा मॅनेजर आला म्हणून त्याला हप्ते नामंजूर करता येत नाहीत, आणि उद्या माझ्या भावाला कंटाळा आला म्हणून बँक पुन्हा पहिल्यापासून दावा लावत बसणार नाही, सरळ दरखास्त लावेल.

आता जामीनदाराचं गणित. करार कायद्याच्या कलम १२८ प्रमाणे जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच. बँकेने आधी त्याला धरावं, मग मला, असं काही नाही. पगारातले पहिले एक हजार आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सोडून बाकी जप्त होऊ शकतं. ६४ हजार पगार धरा, दरमहा २१ हजार. कोर्टासमोर मान्य झालेला हप्ता चौदाचा, आणि तोही भावाच्या गल्ल्यातून निघणारा. फरक कुणीही काढावा.

आपल्याकडे या विषयावर जे बोललं जातं त्याच्याशी माझं भांडण आहे.

एक मौलवीसाहेब मला म्हणाले, व्याजाचं कर्ज मुळातच हराम, त्यात हप्ते बांधून घेणं म्हणजे व्याजावर पुन्हा सही करणं. एका दुकानदार दोस्ताने तर पुढचं टोक गाठलं: बँकेनेच हराम खाल्लंय, बुडवलं तर गुनाह कसला? पहिलं बोलणं अर्धवट विचाराचं आहे, दुसरं सरळ बेइमानीचं. व्याज घेणं-देणं हराम आहे हे मी मानतो, त्यावर वाद नाही. पण मुद्दल हे दुसऱ्याचं देणं आहे. व्याज चुकीचं म्हणून मुद्दल तुमचं होत नाही. आणि कोर्टात हप्ते मागताना आपण नेमकं काय मागतो? पुढचं व्याज थांबवा, दंडव्याज सोडा, मुद्दल फेडायला वेळ द्या. ज्याला व्याजाची घृणा आहे त्याने तर सगळ्यात आधी हा अर्ज करायला हवा.

सूरह बकरात २८० वी आयत आहे. कर्जदार अडचणीत असेल तर त्याची सोय होईपर्यंत मुदत द्यावी आणि सोडूनच दिलं तर ते अधिक भलं, असा तिचा आशय. ही आयत आपण सावकाराला ऐकवतो. पण दोनच आयतींनी पुढे, २८२ मध्ये, कुरआनमधली सगळ्यात लांब आयत येते आणि ती सगळी कर्जाच्या लिखापढीबद्दल आहे: मुदत ठरवा, लिहून घ्या, साक्षीदार ठेवा, लहान-मोठं म्हणून कंटाळा करू नका. कर्जाचे कागद न वाचता पेटीत टाकणारी कौम ही आयत तरावीहमध्ये दरवर्षी उभ्याने ऐकते.

हदीसमध्ये काब बिन मालिक यांचा प्रसंग आहे. त्यांचं इब्न अबी हदरद यांच्याकडे येणं होतं. मस्जिद-ए-नबवीतच तगादा झाला, आवाज चढले. प्रेषित मुहम्मद (स.) यांनी हुजऱ्याचा पडदा सारून काब यांना हाक मारली आणि अर्धं सोडून द्या अशी खूण केली. काब यांनी ऐकलं. मग प्रेषितांनी कर्जदाराला सांगितलं की आता उठ आणि उरलेलं फेड. बयानात हा किस्सा येतो तेव्हा अर्ध्या माफीवर सुब्हानअल्लाह होतं. 'उठ आणि फेड' या भागावर कुणी थांबत नाही. आणि अजून एक गोष्ट निसटते: कर्जदार आणि सावकार दोघेही त्या मशिदीत हजर होते. माझ्या भावासारखी मशीद बदललेली नव्हती.

आता बँकांकडे वळतो, कारण सगळा दोष आपल्याच माथी मारून घेण्याची सवयही मला मान्य नाही. कोर्टात जाण्याआधी भाऊ एकदा शाखेत दहा हजार घेऊन गेला होता, हे मला नंतर कळलं. काउंटरवर सांगितलं की पूर्ण थकबाकी आणा, किरकोळ पैसे भरून खातं नियमित होत नाही. दहा हजार घेऊन तो परत आला, त्या दिवसापासून शाखेची पायरी चढला नाही. हप्ता नव्वद दिवस थकला की खातं एनपीए होतं, हा नियम मॅनेजरने बनवलेला नाही, मान्य. पण समोरचा माणूस पैसे घेऊन आलाय आणि तुम्ही त्याला हाकलता, याला कोणता नियम सांगतो?

त्याच २०२१ च्या जूनमध्ये, चिपळूण बुडायच्या महिनाभर आधी, मुंबईच्या राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणाने व्हिडिओकॉन समूहाची योजना मंजूर केली होती. औरंगाबादमुळे हे नाव आपल्या घरोघरी टीव्हीवर होतं. मान्य झालेले दावे सुमारे ६४ हजार ८३८ कोटींचे, मिळणार होते सुमारे २ हजार ९६२ कोटी. बँकांच्याच समितीने त्याला मत दिलं होतं. पुढे अपील न्यायाधिकरणाने ती मंजुरी रद्द केली, तरी बँका पंच्याण्णव टक्के सोडायला तयार झाल्या होत्या हे काही रद्द होत नाही. २०२३ च्या जूनमध्ये रिझर्व्ह बँकेने तडजोडीची चौकट जाहीर केली, तीत जाणूनबुजून बुडवणाऱ्यांशीही, फौजदारी कारवाईला बाधा न आणता, तडजोड करायची मुभा आहे. मग कपड्याच्या दुकानदाराने फक्त वेळ मागितला, एक रुपयाही माफ करा म्हटलं नाही, तेव्हाच धोरण आडवं का येतं?

घर किंवा दुकान गहाण असेल तर गोष्ट अधिक कठीण होते, आणि इथे मी कुणाला खोटी आशा दाखवणार नाही. सरफेसी कायदा २००२ खाली बँकेला ताब्यासाठी आधी दावा लावावा लागत नाही. साठ दिवसांची नोटीस, मग ताबा, मग लिलाव. २०२० मध्ये मुरगूडच्या सहकारी बँकेच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने सहकारी बँकांनाही हा कायदा वापरता येतो असं ठरवलं, म्हणजे गावची बँकही आली. त्या साठ दिवसांत लेखी हरकत दिली तर बँकेला पंधरा दिवसांत कारणांसह उत्तर द्यावं लागतं, आणि ताब्याच्या पावलाविरुद्ध पंचेचाळीस दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणात जाता येतं. पण हप्ते पाडून देण्याचा स्पष्ट अधिकार या कायद्यात कुणालाच दिलेला नाही. लोक हायकोर्टात जातात, काही ठिकाणी हप्ते मिळतातही, आणि सुप्रीम कोर्ट हायकोर्टांना वारंवार बजावतं की या प्रकरणांत हात घालू नका. २०२१ मध्ये बिजनौर अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेच्या खटल्यात तर स्पष्टच सांगितलं की एकरकमी तडजोड हा कर्जदाराचा हक्क नाही.

त्या निकालाशी मी निम्मा सहमत आहे. सूट हा हक्क होऊ शकत नाही. बँकेतला पैसा ठेवीदारांचा आहे, आणि ते ठेवीदार म्हणजे कुणी परके नव्हेत. २०१९ मध्ये पीएमसी बँकेवर निर्बंध आले, सुरुवातीला एक हजाराच्या वर काढता येत नव्हते, तेव्हा मुंबईत रांगेत उभ्या राहिलेल्या म्हाताऱ्या माणसांचे चेहरे आपण पाहिले आहेत. पण सूट वेगळी आणि मुदत वेगळी. मुदतीत ठेवीदाराचा मुद्दलाचा पैसा बुडत नाही, उलट लिलावात पडत्या भावाने घर विकण्यापेक्षा बहुधा जास्तच वसूल होतो. साध्या पैशाच्या दाव्यात १९०८ पासून न्यायाधीशाला जो विवेक दिला आहे, तो राहत्या घरावरच्या लहान कर्जांसाठी कर्जवसुली न्यायाधिकरणालाही द्या: पुरावा पाहा, काही रक्कम आगाऊ भरायला लावा, हप्ते ठरवा, चुकला तर ताबा. आपले आमदार-खासदार इफ्तारला येतात तेव्हा त्यांच्या हातात देण्यासारखी ही मागणी आहे. दरवर्षी कब्रस्तानच्या कंपाउंडचंच निवेदन कशाला?

भीतीबद्दलही दोन शब्द. कर्ज थकलं म्हणून सरळ तुरुंगात टाकत नाहीत. १९८० मध्ये बँक ऑफ कोचीनच्या खटल्यात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी हे स्वच्छ लिहून ठेवलं आहे: ऐपत असून बदनियतीने न देणारा वेगळा आणि ज्याच्याकडे नाहीच तो वेगळा. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी बाईला तर अटक करताच येत नाही. कारागिराची हत्यारं, घरातली स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण जप्तीतून वगळलेलं आहे, म्हणजे ते भांडी बाहेर फेकण्याचं आपल्या मनातलं चित्रही खोटं. वसुली एजंटांना सकाळी आठच्या आधी आणि संध्याकाळी सातनंतर फोन करायला रिझर्व्ह बँकेची मनाई आहे. मात्र एक ध्यानात ठेवा, तडजोडीत पुढच्या तारखांचे चेक लिहून देताना दहा वेळा विचार करा. चेक न वटण्याचं प्रकरण फौजदारी असतं, तिथे कैद होऊ शकते. आम्ही चेक दिले नाहीत, दर दहा तारखेला खात्यात भरणा करतो आणि पावती फाइलला लावतो.

राहिली जमात. जकातीच्या आठ हकदारांमध्ये, सूरह तौबाच्या साठाव्या आयतीत, कर्जात बुडालेले स्पष्ट मोजलेले आहेत. गारिमीन. आमच्या भागातल्या बैतुलमालच्या हिशेबाच्या चिठ्ठीत मदरसा आहे, विधवा आहेत, शस्त्रक्रिया आहेत, लग्नं आहेत. गारिमीनचा रकाना नाही. विचारलं तर उत्तर मिळालं, "सर, असे लोक पुढे येतच नाहीत." पुढे कसे येतील? थकबाकीदाराचं नाव नळावर, नाक्यावर, लग्नाच्या पंगतीत घेतलं जातं. त्याच्या मुलीचं स्थळ मोडतं. मग तो पाकीट पेटीत टाकतो. मी सगळं कर्ज बैतुलमालने फेडावं म्हणत नाही, तेवढा पैसाही नाही. तडजोडीच्या वेळी भरायची पहिली रक्कम द्या, एखादा बुडत असलेला हप्ता सावरा, आणि ज्याला इंग्रजी नोटीस वाचता येत नाही त्याच्याकडे बी.ए. झालेलं एक पोरगं पाठवा. महिलांना विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील मोफत मिळतो, उत्पन्न कितीही असो. नवऱ्याच्या कर्जाची नोटीस हातात घेऊन बसलेल्या बेवांना हे सांगायला काय खर्च येतो?

भावाचा आज सतरावा हप्ता गेला. पहिले चार मी माझ्याकडून काही पैसे घालून पूर्ण केले, पाचव्यापासून तो स्वतः भरतोय. दुकान आता अर्ध्या गाळ्यात आहे, पण आहे. सिमकार्ड पुन्हा जुनंच टाकलंय. पेटीतली पाकिटं मी शाळेच्या पंचिंग मशीनने भोकं पाडून फाइलला लावली, तारखेप्रमाणे.

पुढची राष्ट्रीय लोक अदालत जवळ आली आहे. बँकांची दाखलपूर्व प्रकरणंही तीत ठेवली जातात, म्हणजे दावा लागायच्या आधीच मिटवता येतं. जुम्म्याच्या नमाजनंतर दोन मिनिटं एवढीच माहिती द्यावी म्हणून मी आमच्या मशिदीच्या सदरांकडे कागद लिहून घेऊन गेलो. त्यांनी चष्मा लावून तो दोनदा वाचला, घडी करून शेरवानीच्या खिशात ठेवला आणि विचारलं, "सर, यात नाव कुणाचं घ्यायचं नाही ना?" मी म्हटलं नाही. मग म्हणाले, "नंतर जरा थांबा. आमच्याही घरी एक कागद आलाय."